बंबावरची फुली

मी खोटं बोलले होते. अगदी खोटं असंही नाही, मी फक्त बाबांचं एक वाक्य गाळलं. पण ज्या वाक्यासाठी मला मधे उभं केलं होतं तेच गाळलं, मग त्याला दुसरं काय म्हणायचं? या गोष्टीला आता दोन वर्षांच्या वर झालं. तेव्हा कुणाला कळलं नाही असं मी धरून चालले होते.

आम्ही जर्मनीत येनापासून ट्रेननं पाऊण तासावरच्या एका लहान गावात राहतो. नवरा येनाला काचा आणि भिंगांवर संशोधन करतो, मी घरी बसून एका कंपनीचं सॉफ्टवेअर तपासते. दुसऱ्यांच्या चुका काढण्याचा मला पगार मिळतो, आणि घरातही मी तेच काम फुकट करते असं नवऱ्याचं म्हणणं आहे. सासूबाई गेल्या त्या उन्हाळ्यात आम्ही बाबांना, म्हणजे माझ्या सासऱ्यांना, तीन महिन्यांच्या व्हिसावर इकडे आणलं. बाबा साखर कारखान्यात बॉयलर अटेंडंट होते. सगळी नोकरी एकाच बॉयलरसमोर झाली. निवृत्त झाल्यावरही सकाळी उठल्याबरोबर सासूबाईंना त्यांचा पहिला प्रश्न असायचा, "पाणी बघितलंस का?" बॉयलरवाल्याची दिवसाची सुरुवात पाण्याची पातळी बघून होते, तीच सवय घरात टाकीच्या पाण्यावर निघायची. सासूबाई चिडायच्या. त्या गेल्यावर हा प्रश्न विचारायला कुणी उरलं नाही, आणि बाबा बोलायचेच थांबले.

इकडे आल्यावर ते खिडकीपाशी खुर्ची टाकून बसायचे. जेवा म्हटलं की जेवायचे, चला म्हटलं की चालायचे. एकदा त्यांनी भिंतीवरच्या हायत्सुंगवर, म्हणजे खोली तापवणाऱ्या गरम पाण्याच्या पट्ट्यावर, हात ठेवला आणि हे तापवणारा बॉयलर कुठे आहे म्हणून विचारलं. मी हुरूपानं त्यांना खाली तळघरात घेऊन गेले. तिथे भिंतीला टांगलेली एक पांढरी पेटी आणि तिच्यावर हिरवा आकडा. बाबांनी ती दोन मिनिटं पाहिली. "ह्यात माणसाला काम काय?" म्हणाले, आणि जिना चढू लागले. माझा धीर सुटत चालला होता, आणि धीर सुटला की मी चिडते. त्या आठवड्यात मी त्यांच्यावर दोनदा उगाच खेकसले.

आमच्या गावात नदीकाठी जुन्या कारखान्याची एक लाल विटांची शेड उरली आहे. बाकी सगळ्या जागेवर सुपरमार्केट आणि पार्किंग झालं. शेडमध्ये गावातल्या हौशी लोकांचा फेराइन आहे, म्हणजे त्यांचं मंडळ, आणि ते दर शनिवारी तिथे जुनी यंत्रं दुरुस्त करत बसतात. पाच वर्षं मी त्या शेडवरून सुपरमार्केटात दूध आणायला जात होते, पण आत कधी डोकावले नव्हते. एका शनिवारी बाबांना बरोबर घेऊन निघाले, तेव्हा दार उघडं होतं आणि आतून तेलाचा वास आला. बाबा चालता चालता थांबले, आणि मला न विचारता सरळ आत शिरले.

आत लाल रंगाच्या चार चाकांच्या गाड्यावर एक यंत्र उभं होतं. पुढे गाडीवानाची बैठक, मधे पितळी पंप, आणि मागे उभा बॉयलर. खालच्या अंगाला भट्टी आणि भट्टीच्या दाराभोवती तांब्याचा पत्रा. घरी आंघोळीचं पाणी तापवायचा बंब असायचा ना, तो माणसाच्या उंचीचा करून गाड्यावर ठेवावा तसं ते दिसत होतं. हा आग विझवायचा वाफेचा बंब होता, घोडे जोडून पळवायचा. बाबांनी त्याला एक प्रदक्षिणा घातली. मग वाकून भट्टीत पाहिलं.

"अगं, हा उभा नळ्यांचा बॉयलर," ते म्हणाले. "पाणी अगदी थोडं घेत असणार. लगेच तापतो." तीन आठवड्यांत ते पहिल्यांदाच सलग तीन वाक्यं बोलले होते. माझ्या डोळ्यांत पाणी आलं आणि मी दुसरीकडे बघून ते पुसलं.

तिथे काम करणारा मुख्य माणूस ऐंशीच्या पुढचा, उंच आणि वाकलेला. बाबांनी पहिल्याच दिवशी त्याला मिस्त्री म्हणायला सुरुवात केली आणि मग मीही. मिस्त्रींचे पणजोबा याच कारखान्यात बॉयलर तपासायचे. मिस्त्रींना इंग्रजी येत नाही, बाबांना जर्मन येत नाही. दोघांच्या मधे मी. कारखान्याचा सगळा इतिहास मी असा वाक्यावाक्यानं मराठीत आणला, आणि बाबांना सांगता सांगता मलाच त्याचं वेड लागलं.

कारखाना सुरू केला एका लोहाराच्या मुलानं. रेल्वे नवीन होती, इंजिनं इंग्लंडहून यायची आणि बिघडली की पडून राहायची. हा ती उघडायचा, जोडायचा, आणि जोडता जोडता एक दिवस स्वतःच बनवायला बसला. त्याचं पहिलं इंजिन तयार झालं तेव्हा कारखान्यापर्यंत रूळच नव्हते. मग गावातले होते नव्हते तेवढे घोडे जुंपून ते रस्त्यानं स्टेशनापर्यंत ओढत नेलं. उद्यापासून जे घोड्यांना घरी बसवणार, त्याची वरात घोड्यांनीच काढली. बाबा हे ऐकून हसले. मला त्यांचं हसणं विसरायला झालं होतं.

काही वर्षं इंजिनं चांगली चालली. मग कारखान्याच्या सुतारखात्याला आग लागली. लाकडी साचे होते तिथे, बघता बघता भडकली. गावातली माणसं हातपंपाच्या दांड्यांना दोन्हीकडून लटकली, थकली, बदलली, पुन्हा थकली, आणि शेवटी छप्पर खाली आलं. मालक बाजूला उभा राहून ते बघत होता. आपली इंजिनं आगगाडी ओढतात आणि आपल्याच दारात पाणी माणसांनी हातानं उपसायचं, हे त्याला इतकं लागलं की त्यानं वाफेचा बंब बनवायचं मनावर घेतलं.

काम सोपं नव्हतं. रेल्वेच्या इंजिनात वाफ धरायला तास न् तास लागतात, आणि आग काही तोवर थांबत नाही. म्हणून पाणी कमी, नळ्या बारीक आणि पुष्कळ, भट्टी तांब्याची. बंबखान्यात बॉयलरखाली एक छोटा दिवा कायम जळत ठेवायचा म्हणजे पाणी कोमट राहतं. घंटा झाली की घोडे जोडायचे, भट्टी पेटवायची आणि सुटायचं. आगीपाशी पोचेपर्यंत वाफ तयार. पहिला विरोध कुणाचा झाला असेल? हातपंप मारणाऱ्यांचा. त्यांना प्रत्येक आगीमागे बिअर मिळायची, आणि वाफेला बिअर लागत नाही. पुढे मोठ्या शहरातल्या मोठ्या कारखान्यांनी रेल्वेची कामं पळवली, पण ह्यांचे बंब मात्र शेवटपर्यंत लोक मागून न्यायचे. मोटारीचे बंब आले आणि मग सगळंच संपलं.

पण मला खरं जिंकलं ते त्यांच्या एका रिवाजानं. बॉयलर तपासणाऱ्याला दोष सापडला की तो त्यावर खडूनं फुली मारायचा. ती फुली पुसायचा अधिकार मालकालाही नव्हता. ज्यानं मारली त्यानंच पुसायची, किंवा त्यानं आपल्या विश्वासातलं माणूस पाठवायचं. आणि पुसण्याआधी सगळ्या कामगारांसमोर उभं राहून मोठ्यानं सांगायचं, काय चुकलं होतं, कुणाच्या हातून चुकलं होतं आणि ते कसं दुरुस्त केलं. मिस्त्रींच्या पणजोबांनी एकदा स्वतःच्याच सख्ख्या भावाच्या कामावर फुली मारली होती म्हणे. भाऊ वर्षभर त्यांच्याशी बोलला नाही. बाबा म्हणाले, "असं खातं असतं तर मी पगाराशिवाय काम केलं असतं."

सप्टेंबरात गावची जत्रा असते. त्या दिवशी हा बंब कित्येक दशकांनी पहिल्यांदा पेटवायचा बेत होता. वसंतात सरकारी तपासनीस येऊन थंड पाण्याचा दाब देऊन गेला होता, बंब पास झाला होता. आणि फेराइननं एकमतानं ठरवलं की काडी बाबांनी लावायची. मी हे मराठीत सांगितलं, आणि त्या रात्री बाबांनी दोन पोळ्या जास्त खाल्ल्या. दुसऱ्या दिवसापासून ते माझ्याआधी उठून, दाढी करून दारात उभे. आमच्याकडे साखर कारखान्यात गाळपाआधी बॉयलरचं अग्निप्रदीपन होतं, पूजा होते, नारळ फुटतो. बाबांच्या डोक्यात तेच. मला म्हणाले, नारळ आण, कुंकू आण आणि चिंच आण.

चिंच कशाला हे मी विचारायला हवं होतं. माझं लक्ष लॅपटॉपवर होतं. येनाच्या आशियाई दुकानातून आणून दिली.

शनिवारी सकाळी आम्ही शेडमध्ये पोचलो तर मिस्त्री आणि मंडळाचे चौघेजण बंबासमोर टक लावून उभे. आदल्या दिवशी दुपारी बाबा एकटेच जाऊन आले होते, किल्ली मिस्त्रींनीच विश्वासानं दिलेली. त्यांनी चिंच आणि मीठ लावून भट्टीच्या दाराभोवतीचा तांब्याचा पत्रा घासून काढला होता. पत्रा नुसता लखलखत होता, दिवाळीला घासलेल्या घंगाळासारखा. मिस्त्रींचा चेहरा पडला होता. तो काळा थर त्यांनी मुद्दाम राखला होता. विझवलेल्या सगळ्या आगींचा तो धूर होता, आणि कुठल्याही साफसफाईत त्याला हात लावायचा नाही असा त्यांचा नियम होता. मी कपाळावर हात मारला. तांबं काळं दिसलं आणि जवळ चिंच आहे, मग आमच्याकडचा कोण माणूस गप्प बसेल?

मी बाबांवर डाफरणार होते. पण बाबांचं आमच्याकडे लक्षच नव्हतं. लाल तांब्यावर एक करडी रेघ उठून दिसत होती, रिव्हेटच्या भोकापासून निघालेली, करंगळीएवढी. ते तिच्यावर बोट ठेवून म्हणाले, "सांग ह्यांना, हा पेटवायचा नाही. चीर आहे. कुणीतरी कथील ओतून बुजवलीय. थंड पाण्याला कथील टिकतं, विस्तवाला वितळतं. समोर उभा असेल तो भाजेल."

सगळे माझ्याकडे बघत होते. आणि माझ्या डोळ्यांपुढे ती खिडकीपाशची खुर्ची आली. जत्रा आठ दिवसांवर, व्हिसा संपायला पंधरा. हा पेटला नाही तर बाबा रिकाम्या हातानं रिकाम्या घरी जाणार. शिवाय तपासनीस पास करून गेलाय, आणि ह्यांना म्हातारपणी सगळीकडे चिरा दिसतात, असंही मी मनाशी म्हटलं. मी जर्मनमध्ये म्हणाले, "ते माफी मागताहेत. आमच्याकडे पेटवण्याआधी तांबं घासायची पद्धत आहे. जुन्या कारागिरांनी किती सफाईनं डागडुजी केलीय, ते दाखवताहेत." मिस्त्रींनी सुस्कारा सोडला. एकानं बाबांच्या पाठीवर थाप मारली.

नंतर मिस्त्रींना बाजूला घेऊन सांगीन असं मी ठरवलं होतं. असं मी अजूनही स्वतःला सांगते. पण त्या दिवशी मी सांगितलं नाही, हे खरं.

घरी येताना बाबांनी विचारलं, "त्यांची तोंडं कशी उतरली नाहीत?"

"बघतो म्हणाले," मी म्हटलं.

बाबांनी मान हलवली. रात्री मला झोप लागली नाही. समोर उभा असेल तो भाजेल, आणि काडी लावायला समोर उभे राहणार होते बाबाच. हे मला अंथरुणात पडल्यावर सुचलं. पेटवायचा नाही म्हणणारा माणूस काडी लावणारच नाही, हेही सुचलं, आणि मग दुसरा कुणीतरी भाबडेपणानं लावील. सकाळी उठून मिस्त्रींना फोन करते म्हणून मी बाहेर आले, तर खुर्ची रिकामी आणि दाराशी बाबांचे बूट नाहीत. धावत शेडवर गेले.

मिस्त्री तिथे होते. रविवारी ते चर्चआधी एकटे येऊन बसतात हे बाबांना ठाऊक होतं. बाबांनी दिव्याचं तेल घेऊन त्या रेघेवर आणि तिच्या पुढेमागे चोळलं होतं. मी पोचले तेव्हा ते फडक्यानं पत्रा कोरडा करत होते. मग त्यांनी खडूची पूड स्पिरिटमध्ये कालवून वरून पातळ हात दिला. पत्रा पांढरा झाला. मिस्त्री हाताची घडी घालून बघत होते. मी तोंड उघडलं तर बाबांनी हातानं मला थांबवलं. लहान हातोडीनं त्यांनी कडेकडेनं टकटक सुरू केली, अगदी हलकी. थोड्या वेळानं पांढऱ्यावर तेलाची काळपट रेघ उमटायला लागली. कथील संपत होतं तिथे ती थांबली नाही. आणखी दोन बोटं पुढे गेली.

मिस्त्रींनी डोक्यावरची टोपी काढली. ह्याला भाषांतर लागत नव्हतं. मग ते बाकावर बसले आणि मला म्हणाले, "माझी नातवंडं सगळ्यात पुढे उभी राहणार होती." मग त्यांनी खडूचा तुकडा उचलून बाबांच्या हातात दिला. बाबांना रिवाज माहीत होता, तो मीच त्यांना सांगितला होता. त्यांनी बॉयलरच्या वरच्या काळ्या अंगावर मोठी फुली मारली आणि खडू परत दिला. दोन म्हाताऱ्यांनी एकमेकांचे हात दोन्ही हातांत धरले. चिंचेबद्दल त्यानंतर कुणी अवाक्षर काढलं नाही.

जत्रेत बंब थंडच उभा राहिला, फुलीसकट. येणाऱ्याजाणाऱ्याला मिस्त्री अभिमानानं ती दाखवत होते आणि बाबांना पुढे करत होते. जत्रेनंतर आठवड्याभरात बाबा गावी परतले. पण आता ते बोलत होते. दर रविवारी व्हिडिओ कॉलवर "कशी आहेस" नाही, "जेवलीस का" नाही, एकदम "तांबट मिळाला का?"

असं तांब्याचं काम करणारा माणूस शोधण्यात एक हिवाळा गेला, आणि कामात दुसरा. पत्रा नवा बसला, पुन्हा तपासणी झाली. तांबटाला ताकीद होती, फुलीला धक्का लावायचा नाही. त्यानं तेवढा भाग फडक्यानं झाकून काम केलं. मग प्रश्न आला पुसायचा. मधल्या काळात बाबांच्या हृदयात स्टेंट बसला होता आणि डॉक्टरांनी विमानाला नाही म्हटलं होतं. मंडळातला एकजण म्हणाला, आता पुसून टाकू की, खडू तर आहे. मिस्त्रींनी त्याच्याकडे असं पाहिलं की तो कॉफी आणायला गेला. त्यांनी मला बाबांना फोन लावायला सांगितला.

"मी माणूस पाठवतो," बाबा म्हणाले. "तू पूस."

"मी?"

"रिवाजाप्रमाणे पूस. काय चुकलं, कुणाच्या हातून चुकलं, सगळं सांग. त्या शनिवारी गाळलंस तेही."

दोन वर्षं हा माणूस दर रविवारी माझ्याशी बोलत होता, हसत होता, आणि त्याबद्दल एकदाही बोलला नव्हता.

"अहो बाबा, तुम्हाला तेव्हाच कळलं होतं?"

"सगळा जन्म वाफेचा काटा बघण्यात गेला माझा. तुझं तोंड बघायला किती वेळ लागतो?" मग हळू आवाजात म्हणाले, "माझ्यासाठीच केलंस, ते कळलं म्हणून बोललो नाही. पण फुली अर्धी पुसत नाहीत."

यंदाच्या जत्रेच्या सकाळी मी बंबासमोर उभी राहिले. मंडळ होतं, मिस्त्रींची नातवंडं होती, बंबखान्याचे गणवेशातले लोक होते. मी सांगितलं की रिव्हेटपाशी तांबं चिरलं होतं, कुण्या अज्ञात हातानं ते कथलानं झाकलं, आणि आता नवा पत्रा बसला आहे. एवढं बोलून माझी जीभ अडखळली. पण बोलले. म्हटलं, दुसरी चूक माझ्या हातून झाली. बाबांनी सांगितलं होतं की पेटवू नका, माणूस भाजेल, आणि मी ते तुम्हाला सांगितलं नाही. मी म्हटलं, माझे सासरे खचतील म्हणून मी तुम्हा सगळ्यांना आगीसमोर उभं करायला निघाले होते.

मिस्त्रींची सून तिच्या मुलांकडे बघत होती. माझे कान तापले होते. मिस्त्री काठी टेकत पुढे आले, मला वाटलं आता मला बाहेर काढणार. त्यांनी खिशातून स्वच्छ फडकं काढलं.

"गेनाऊ, अगदी बरोबर," म्हणाले. "असंच सांगायचं असतं." आणि फडकं माझ्या हातात दिलं.

मी फुली पुसली. दोन वर्षांचा खडू, एका हातात गेला नाही, घासावा लागला. मग मिस्त्रींच्या सांगण्यावरून काडीही मीच लावली. लाकडं धरली, धूर वर चढला, आणि थोड्याच वेळात वाफेच्या काट्यानं जागा सोडली. लोक टाळ्या वाजवायला लागले. मी फोन बंबासमोर धरला होता. पलीकडे बाबा स्क्रीनकडे बघतही नव्हते, डोळे मिटून कान लावून बसले होते. मी म्हटलं, बाबा, दिसतंय ना, वाफ धरली.

त्यांनी डोळे उघडले नाहीत. "नुसती उभी राहू नकोस," म्हणाले. "पाणी बघितलंस का?"